टाचणीची हमखास डबी

माझ्या बोलण्यावर आमच्या गल्लीत कुणी विश्वास ठेवत नाही, आणि ते बरोबरच आहे. चाळीस वर्षं मी कपडे शिवले आणि चाळीस वर्षं थापा मारल्या. दोन्ही कामं एकाच टेबलावर चालली. गिऱ्हाइकाचं माप घेताना ते हलता कामा नये, म्हणून त्याला काहीतरी सांगत राहावं लागतं. खरी गोष्ट ऐकताना माणूस फार चुळबुळ करतो. थाप मात्र खांबासारखा उभा राहून ऐकतो. मग छाती, कंबर, बाही, सगळं नीट मोजून होतं. हत्तीला विजार शिवल्याची गोष्ट मी सांगितली नसती, तर आज निम्मं गाव वाकड्या खांद्याचे कोट घालून हिंडलं असतं.

तेव्हा आता जे सांगतोय ते खरं आहे, असं म्हटलं की तुम्ही हसणार. हसा बापडे. मला सवय आहे.

आमच्या घराची पुढची खोली म्हणजे दुकान. खिडकीशी माझं मशीन, मध्ये कापायचं लांब टेबल, कोपऱ्यात बायकोची खुर्ची. ती काजं करते, बटणं लावते आणि माझ्या गोष्टींतले हत्ती मोजते. "मागच्या वेळी एकच होता," असं मान वर न करता म्हणते. वरच्या मजल्यावर मुलगा, सून आणि नात. मुलगा बस चालवतो. सून औषधांच्या दुकानात काउंटरवर असते. नात दहा वर्षांची आहे आणि तिला आम्ही टाचणी म्हणतो. अंगाने तशी म्हणून, आणि कुठे आहे ते टोचल्याशिवाय कळत नाही म्हणूनही.

या टाचणीच्या हातात सात महिने एक गेम होता. होता तिच्या आतेबहिणीचा. ती मोठी ताई शिकायला वसतिगृहात गेली, तेव्हा "सांभाळ" म्हणून देऊन गेली. तळहाताएवढं ते यंत्र, पडद्याच्या कोपऱ्याला टवका उडालेला. आत एक मुलगी रानावनात हिंडते आणि चित्रविचित्र प्राणी डब्यांत पकडते. प्राणी दिसला की डबी फेकायची. आत बसला तर आपला, नाहीतर डबी फोडून पसार. साध्या डब्या त्या गेममधल्या दुकानात ढिगाने मिळतात आणि ढिगानेच फुटतात. पण अख्ख्या गेममध्ये एक, फक्त एक, हमखास डबी असते. पोपटी रंगाची. ती फेकली की समोर उंदीर असो नाहीतर डोंगर, आत जाणार म्हणजे जाणार. आणि एकदा फेकली की संपली.

टाचणीला ती पहिल्याच महिन्यात मिळाली होती. पुढचे सहा महिने तिने ती जपली.

विजेची मांजर आली. झाडावर बसून शेपटीने ठिणग्या उडवत होती. टाचणीने पिशवी उघडली, पोपटी डबीकडे पाहिलं, पिशवी बंद केली. मांजर गेली. "पुढे याहून भारी काही आलं तर?" ती म्हणाली. मग काचेचा मासा आला. त्याच्या पोटातून पलीकडचं दिसायचं. तोही गेला. ज्वालामुखीत राहणारा म्हातारा बेडूक आला, दोन दिवस थांबला बिचारा, शेवटी कंटाळून गेला. दरवेळी पिशवी उघडायची, दरवेळी बंद. आमची बायको म्हणाली, "अगं, एवढ्या वेळा माझं कपाट उघडलं असतं तर त्याची बिजागरी निखळली असती."

शेवटच्या डोंगरावर आभाळ्या झोपलेला असतो. ढगाचा प्राणी. एका टोकाकडून बघायला लागलं तर दुसऱ्या टोकाला पोचेपर्यंत अंगठा दुखतो. अख्ख्या गेममध्ये हाच एक, आणि एकदा उडाला की परत येत नाही. त्याच्यासमोर टाचणी बारा वेळा जाऊन उभी राहिली. बाराही वेळा नुसती बघून खाली आली.

आणि मग आत्याचा फोन आला. ताईला सुट्टी लागली होती. रविवारी पाच वाजता दोघी येणार, गेम घेऊन जाणार. ताईला तो पुसून पहिल्यापासून खेळायचा होता.

पकडलेले प्राणी सुनेच्या फोनमधल्या अल्बममध्ये पाठवता येत होते. तिथे ते टाचणीचेच राहणार होते. पण गेममधल्या वस्तू पाठवता येत नव्हत्या.

"म्हणजे डबी जात नाही," टाचणी रडवेली होऊन म्हणाली. "डबीत कुणी असेल तरच तो जातो. रिकामी डबी पुसली जाणार."

मंगळवारी जेवताना घरात सभा भरली.

मुलगा म्हणाला, "बस आली की चढायचं. मागची रिकामी येईल म्हणून थांबणारी माणसं मी रोज बघतो. परतीच्या फेरीला पण तिथेच उभी असतात."

सून म्हणाली, "मुदत बघायची. मुदत उलटली की गोळी आणि खडू सारखेच."

बायको म्हणाली, "कुणालाच नको असेल तर मला द्या. बटणं ठेवायला होईल."

मी एका राजाची गोष्ट सुरू केली. त्याने एकच बाण आयुष्यभर जपून ठेवला होता. पण बाण भात्यातून बाहेर यायच्या आत ताटं धुऊन झाली होती.

तरी ठरलं. रविवारी दुपारी डोंगर चढायचा आणि पोपटी डबी आभाळ्यावर फेकायची. टाचणीने कॅलेंडरवर गोल केला आणि बऱ्याच दिवसांनी शांत झोपली.

आता माझी करामत ऐका.

सकाळी टाचणी शाळेत गेली की गेम माझ्याकडे असायचा. अट एकच, पोपटी डबीला हात लावायचा नाही. मी आपला जुन्या गिरणीमागच्या गवतात गुबगुबे पकडत बसायचो. गुबगुब्या म्हणजे त्या गेममधला सगळ्यात साधा प्राणी. पिनकुशनसारखा गोल, अंगभर पट्टे, दिवसभर गवत खातो. डोळे मिटून डबी फेकली तरी आत जातो, कधीकधी डबी फेकायच्या आधीच जातो. एवढं मलाही जमायचं.

बुधवारी एक वकील धावत आले. कोटाचं अस्तर उसवलेलं, बारा वाजता कोर्टात उभं राहायचं. मी गेम चार्जरला लावून टेबलावर ठेवला. चार्जरला असला की त्याचा पडदा मिटत नाही. गेममधली मुलगी गिरणीमागे उभी राहिली आणि मी सुई हातात घेतली. तासभर मान वर केली नाही. शेवटची गाठ मारून दोरा तोडला आणि सहज पडद्याकडे पाहिलं, तर एक गुबगुब्या मुलीच्या पायाशी येऊन बसलेला.

त्याच्या पोटावरचे पट्टे आणि पाठीवरचे पट्टे बगलेच्या शिवणीवर जुळत नव्हते.

तुम्हाला यात काही वाटणार नाही. शिंप्याला वाटतं. पट्ट्यापट्ट्याचा शर्ट शिवताना पुढचा पट्टा मागच्या पट्ट्याला असा भिडला पाहिजे, की शिवण कुठे आहे ते शोधावं लागावं. त्या गिरणीमागचे शेकडो गुबगुबे मी पाहिले होते. एकूण एक जुळलेले, कुणीतरी मन लावून शिवल्यासारखे. आणि हा एकटा दोन दोरे खाली सरकलेला.

मी डबी फेकली. फुटली. दुसरी फेकली. फुटली. साधा गुबगुब्या कधी डबी फोडत नाही हो! याने चौदा फोडल्या, माझ्याकडे पाठ केली आणि चालता झाला.

संध्याकाळी टाचणीने पिशवी उघडली.

"आजोबा. माझ्या चौदा डब्या कुठे गेल्या?"

मी सांगितलं.

"म्हणजे गुबगुब्याने फोडल्या."

"हो."

"चौदा."

"मोजून चौदा. आणि ऐक, तुझ्या अल्बममध्ये तो एकशे सातवा रकाना रिकामा आहे ना? गुबगुब्याच्या शेजारचा? मला वाटतं..."

"ती छापायची चूक आहे. ताईचा पण रिकामा आहे. सगळ्यांचाच रिकामा आहे." तिने हात कमरेवर ठेवले. "आजोबा, तुम्हाला नेम धरता येत नाही तर तसं सांगा ना. मी शिकवीन."

हा घाव मात्र लागला. चाळीस वर्षं लोकांनी माझ्या थापा आनंदाने गिळल्या, आणि एक खरी गोष्ट कुणाच्या घशाखाली उतरेना. सुनेला वाटलं चष्म्याचा नंबर वाढला. ती मला समोरच्या चष्मेवाल्याकडे घेऊन गेली. हा चष्मेवाला माझा जुना दोस्त. त्याने मला लहान लहान अक्षरं वाचायला लावली, डोळ्यात उजेड मारला, मग सुनेकडे वळून म्हणाला, "डोळे ठणठणीत आहेत. बिघाड जिभेत आहे, आणि तिचा चष्मा मी बनवत नाही."

"अरे, पट्टे जुळत नव्हते!" मी म्हणालो.

"हत्तीच्या विजारीचे का?"

शनिवारी सकाळी शाळा नव्हती. टाचणीने एक संधी दिली. गिरणीमागच्या गवतात तिने मुलीला तासभर पळवलं. इकडून तिकडे, तिकडून इकडे, एक पातं सोडलं नाही. साधे गुबगुबे निघाले, सदतीस. सगळे जुळलेले.

"संपली तुमची गोष्ट," ती म्हणाली आणि गेम उशीखाली ठेवून आली.

दुपारी मी शाळेचे शर्ट कापत होतो. ती टेबलावर पाय हलवत बसली होती. मन तिचं उद्याच्या डोंगरावर. हाताला लागलं म्हणून माझं पिनकुशन उचललं आणि उलटसुलट करून पाहिलं. निळं रेशमी आहे ते, आता विटलंय.

"हे कुठल्या कापडाचं? मागे म्हणाला होता, सर्कसवाल्याने दिलं. त्याच्या आधी जादूगाराचा टेबलक्लॉथ होता. त्याच्या आधी जहाजाचं शीड."

का कोण जाणे, त्या दिवशी मला जहाज सुचेना, जादूगार सुचेना. समोर हिचं ते तोंड, उद्या आपलं चुकणार तर नाही ना, या काळजीने एवढंसं झालेलं.

"दुकान उघडलं त्या वर्षी तुझ्या आजीला म्हणून रेशीम आणलं होतं," मी म्हणालो. "हात आणखी बसला की कात्री लावू, म्हणून ठेवून दिलं. बावीस वर्षांनी उलगडलं तर घडीघडीवर चिरलं. हातभर तुकडासुद्धा अखंड निघाला नाही."

टाचणी वाट बघत राहिली.

"मग?"

"मग काही नाही. आजीने पिनकुशन केलं."

तिने कोपऱ्यातल्या खुर्चीकडे पाहिलं. बायकोने सुई थांबवली. असं ती फार क्वचित करते.

"हे खरं आहे," ती म्हणाली. "तुझ्या आत्याच्या लग्नात घालायचं होतं मला. टेबलावर पसरलं आणि फाट फाट फाट, पापडासारखं. हे गृहस्थ पांढरेफटक. मला इतकं हसू आलं की स्टुलावर बसावं लागलं. म्हटलं, अहो, बावीस वर्षं नुसती घडीची पूजा केलीत का, एकदाच कापायचं होतंत, वाकडं तर वाकडं! वाकडं झालं असतं तरी मी मिरवलं असतं."

"आणि तुला राग नाही आला?"

"आला की. अजून येतो. दर गुरुवारी येतो." आणि ती परत काज भरायला लागली.

टाचणी बोटांवर काहीतरी मोजत होती.

"चारच वाक्यं," ती हळूच म्हणाली.

"काय?"

"काही नाही," म्हणाली आणि वर पळाली.

रविवार उजाडला. सगळे घरी. जेवणं आटोपली, टेबलावरचे कपडे हलवले, पाचही खुर्च्या टेबलाभोवती आल्या. डोंगर चढायला चाळीस मिनिटं लागतात, आणि आभाळ्याला उठवायला, दमवायला वेळ लागतो तो वेगळा. मुलाने बसचं वेळापत्रक काढावं तसं काढून ठेवलं होतं. तीन चाळीसला निघायचं, चार वीसला माथा, पावणेपाचला डबी, पाचला ताई.

तीन चाळीसला टाचणी निघाली. डोंगराची वाट जुन्या गिरणीवरूनच जाते. गिरणीपाशी तिचा अंगठा थांबला.

"आजोबा, गुबगुब्याची गोष्ट परत सांगा."

"आत्ता?"

"आत्ता."

"गेम टेबलावर होता," मी म्हणालो. "तासभर मी हात लावला नाही. मग तो येऊन बसला. त्याचे पट्टे शिवणीवर जुळत नव्हते."

"संपली?"

"संपली."

"हत्ती नाही?"

"हत्ती नाही."

"चार वाक्यं," ती म्हणाली. आता मोठ्याने, सगळ्यांना ऐकू जाईल असं. "आजोबांची थाप लांबते. खरं असतं ते चार वाक्यांत संपतं. रेशमाचं पण चारच होतं." मग तिच्या डोक्यात दुसरंच काहीतरी चमकलं. "आणि तासभर हात लावला नव्हता! मी काल नुसती पळत होते. सगळेच पळतात. गेममध्ये कुणी थांबतंच नाही!"

तिने चार्जर लावला, गेम टेबलाच्या मधोमध ठेवला आणि हात मागे घेतले.

"अगं, बस चुकेल," मुलगा म्हणाला. "थांबलीस तर आभाळ्या गेला."

"माहितीये."

"आणि हा आलाच नाही तर दोन्ही गेले," सून म्हणाली.

"माहितीये, आई." तिचे हात आपोआप गेमकडे गेले, परत मागे आले. दोन मिनिटं झाली. परत गेले, परत आले. मग ती माझ्याकडे वळली. "आजोबा, माझे हात राहत नाहीयेत. मला हलू देऊ नका. हत्तीची गोष्ट सांगा. मोठी सांगा."

लोकहो, आयुष्यात मला कुणी असं काम दिलं नव्हतं.

मी खुर्ची पुढे ओढली. सर्कशीचा मालक दुकानात आला तिथपासून सुरुवात केली. हत्तीचं माप घ्यायला शिडी आणली. शिडीवरून खाली बघितलं तर हत्तीने शिडीच उचललेली. विजारीला कापड पुरेना म्हणून तंबू उसवला. तंबू उसवला तर वरून पाऊस, म्हणून हत्तीलाच विजारीसकट तंबूच्या जागी उभा केला आणि त्याच्या पोटाखाली दोन खेळ केले. मग दुसरा हत्ती रुसला. "आता दोन झाले," बायको पुटपुटली. दुसऱ्याला जाकीट हवं होतं. मग तिसरा आला, त्याला काहीच नको होतं, नुसता आरशात बघायला आला होता. टाचणीचं तोंड उघडं, हात मांडीवर गपगार. मुलगा हसून हसून टेबलावर कपाळ आपटत होता. सुनेने घड्याळ उलटं ठेवलं. मी नाड्यापर्यंत पोचलो होतो. त्या विजारीचा नाडा ओवायला एक बारीकसं माकड नेमलं होतं, ते आत शिरलं आणि अर्धा दिवस बाहेरच येईना...

"आला," बायको म्हणाली.

पडद्यावर मुलीच्या पायाशी एक गुबगुब्या बसला होता.

पाच डोकी एकमेकांवर आपटली.

"हा तर साधा आहे!" मुलगा म्हणाला.

"साधाच वाटतोय," सून म्हणाली.

टाचणीने नाक पडद्याला लावलं. एका डोळ्याने पाहिलं, दुसऱ्याने पाहिलं. "आजोबा, मला नाही दिसत."

"बगलेत बघ. शिवणीवर."

"नाही दिसत!"

मला लखलखीत दिसत होतं. दोन दोरे सरकलेलं. पण नखाएवढा प्राणी, आणि तिचे डोळे दहा वर्षांचे. त्यांनी अजून एकही शर्ट उसवला नव्हता. चार पंचवीस झाले होते. डोंगर गेलाच होता. आता ही डबी एका गवतखाऊ पिनकुशनवर फुकट गेली असती, तर ती टाचणीची आयुष्यभराची गोष्ट झाली असती. आणि त्या गोष्टीतला खोटारडा मी.

तिने पिशवी उघडली. पोपटी डबीवर बोट ठेवलं आणि माझ्याकडे बघितलं.

माझ्या जिभेवर नऊ हत्ती उभे होते, पण बोललो नाही.

तिने डबी फेकली.

डबी उडाली, उघडली, मिटली. एकदा हलली. मग एवढासा टिंग असा आवाज झाला, आणि पडदाभर गुबगुब्याचं मोठं चित्र आलं. डावीकडे नेहमीचा, उजवीकडे हा. पाठीचा पट्टा इथे आणि पोटाचा पट्टा तिथे, पाच वर्षांच्या पोरालाही दिसेल असं. खाली अल्बम उघडला आणि एकशे सातव्या रकान्यात, सगळ्यांच्या छापायच्या चुकीत, आमचा गुबगुब्या जाऊन बसला.

मग जे झालं त्याला ओरडणं म्हणतात. टाचणी टेबलावर चढली. मुलाने सुनेला उचललं, सुनेने घड्याळ उचललं. बायकोच्या मांडीवरची बटणांची बरणी उपडी झाली आणि अजूनही कपाटाखाली पांढरी बटणं सापडतात. आवाज ऐकून चष्मेवाला चपला न घालता रस्ता ओलांडून आला. त्याला चित्र दाखवलं. त्याने चष्मा काढला, पुसला, घातला, परत बघितलं. मग माझ्याकडे अशा नजरेने पाहायला लागला की मला भीतीच वाटली.

"म्हणजे," तो म्हणाला, "हत्तीचं पण...?"

"अरे, तू आधी बस," मी म्हणालो.

गेमने विचारलं होतं, नाव काय ठेवायचं? टाचणीने क्षणभर विचार केला आणि एकेक अक्षर दाबून लिहिलं. हत्ती.

पाचला पाच कमी असताना आत्या आणि ताई आल्या. ताईने पडदा पाहिला आणि तिच्या हातातली बॅग आत्याच्या पायावर पडली. "हा असतो? एकशे सात असतो? मी तीन वर्षं खेळले! कसा सापडला?"

"थांबून," टाचणी म्हणाली. एकाच शब्दात. पोरगी माझ्याहून पुढे गेली.

हत्तीला फोनमधल्या अल्बममध्ये पाठवलं. तो तिथे आहे, गवत खातो, तुम्ही आलात तर दाखवीन. मग ताई म्हणाली, गेम कुठे पळून जातोय, पुसायचं ते चहानंतर पुसू, तोवर आभाळ्याला उठवून तरी बघू या. हमखास डबी नव्हती. साध्या उरल्या होत्या. चहा झाला, आणखी एक चहा झाला, तोवर डोंगर चढून झाला, आणि सगळे आळीपाळीने फेकायला बसले.

आता आभाळ्याचं काय झालं ते ऐका. तो जागा झाला तेव्हा त्याची शेपटी पडद्यातून बाहेर येऊन आमच्या शिलाई मशीनला लागली आणि मशीन आपोआप चालू झालं. मुलाने तीन डब्या फेकल्या, त्या आभाळ्याने फुंकून परत पाठवल्या. आत्याने एक फेकली, ती त्याच्या कानात अडकली. तेव्हा आमची बायको उठली. तिने बाह्या सरसावल्या, चष्मेवाल्याचा चष्मा ओढून स्वतःच्या नाकावर चढवला, डाव्या हातात सात आणि उजव्या हातात नऊ डब्या घेतल्या आणि म्हणाली, "ये रे ढगा, तुला काज भरते," आणि मग आभाळ्याने नुसतं तिच्या डोळ्यांत पाहिलं मात्र, आणि त्याच्या अंगातून...

"आजोबा," टाचणी म्हणाली. ती आत्ता माझ्या खांद्यावरून वाचतेय. "लांबतंय."

बरं.

उरलेल्या सगळ्या डब्या फेकल्या. सगळ्या फुटल्या. आभाळ्या उडून गेला. आम्ही आठही जणांनी त्याला हात हलवले.